अंधेरीच्या रेकॉर्डिस्ट दादांना, जाहीर आभार

आदरणीय दादा,

सप्रेम नमस्कार. तुमचं नाव इथे घालत नाही, घातलेलं तुम्हाला खपायचंही नाही. ज्यांनी आपल्या पहिल्या मराठी मालिकेचं टायटल साँग तुमच्याकडे मिक्स करून घेतलं, त्यांना हे पत्र कुणाला आहे ते लगेच कळेल.

चाल बांधायला गुरू शिकवतात. मालिकेची म्युझिक बँक कशी बांधायची हे मात्र तुम्ही शिकवलंत, शिफ्ट संपल्यावर, एक पैसा न घेता. रोजच्या मालिकेत प्रत्येक भागाला नवं पार्श्वसंगीत करायला वेळ कुठला? थीम आधी करून ठेवायच्या, त्या पुढे भागाभागाला एडिटवर लागतात. म्हणून प्रत्येक थीम चार प्रकारे द्यायची: पूर्ण, लीडशिवाय (मुख्य धून काढून), नुसता पॅड (मागे भरून राहणारे लांब सूर) आणि नुसता ठेका. तीन-चार सेकंदांचे स्टिंग, म्हणजे धक्क्याच्या क्षणी वाजणारे तुकडे, वेगळे. त्यातली लीडशिवायची फाइल देण्याचाच आळस सगळे करतात. बासरी किंवा आलाप संवादावर चढला की मिक्सिंगवाला अख्खं संगीत खाली ओढतो, आणि घरच्या टीव्हीवर चेलो, तानपुरा काहीच उरत नाही. लीड काढलेली असली तर बाकीचं तो निर्धास्त वर ठेवतो.

शक्यतो सगळ्या थीम काळी 1 मध्ये (पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीच्या सुरात), नाहीतर तिच्या पंचमात, म्हणजे काळी 4 मध्ये ठेवायच्या, हेही तुमचंच. एडिटर रडक्या प्रसंगावरून थेट टायटलच्या धूनवर उडी मारतो, तेव्हा जोड बेसूर होत नाही. टायटल गाणारीची पट्टी वेगळी असेल तर तिच्यासाठी बँक हलवायची नाही, धून वाद्यावर काळी 1 मध्ये पुन्हा वाजवून घ्यायची.

लयीचा तुमचा हिशेब आमच्यापैकी कित्येकांच्या कीबोर्डवर चिकटवलेला आहे. टीव्ही सेकंदाला 25 फ्रेम चालतो. लय 100, म्हणजे मिनिटाला 100 मात्रा, ठेवली तर एका मात्रेला 15 फ्रेम, 125 ठेवली तर 12. 110 ठेवलीत की 13.6, मग कट मात्रेवर नेमका बसायचा नाही. सिनेमा 24 फ्रेमचा, तिथे 120 ला 12 फ्रेम. आणि सिनेमाचं चित्र टीव्हीसाठी कुणी नुसतं वेगात चालवलं, तर काळी 1 चं गाणं जवळजवळ पांढरी 2 ला जाऊन बसतं. ते गाणाऱ्याला ऐकवायची सोय नसते. फाइल 48 किलोहर्ट्‌झ, 24 बिटमध्ये द्या आणि नावात फ्रेमरेट लिहा, हे तुम्ही का बजावत होता, ते तेव्हा कळलं.

पण खरे आभार क्यू शीटचे, म्हणजे कुठल्या भागात कुणाचं संगीत किती वाजलं त्या नोंदीच्या कागदाचे. मानधन एकदाच मिळतं (तेही हप्त्याहप्त्याने, फोन करकरून). पुढे जे काही यायचं ते या कागदामुळे. भाग क्रमांक, तुकड्याचं नाव, किती सेकंद, टायटल की पार्श्वसंगीत, संगीतकार, गीतकार, प्रत्येकाचा हिस्सा. एका भागात नाव आद्याक्षरांसह, दुसऱ्यात नुसतं आडनाव, असं झालं की पैसे कुणाच्या खात्यात टाकायचे हेच रॉयल्टी वाटणाऱ्या कॉपीराइट सोसायटीला कळत नाही. म्हणून आयपीआरएस या सोसायटीचं सभासदत्व आधी घ्यायचं आणि नावाशेजारी आयपीआय क्रमांक (संगीतकार-गीतकाराचा आंतरराष्ट्रीय ओळख क्रमांक) लिहायचाच.

करारातल्या ‘सर्व हक्क कायमस्वरूपी’ या ओळीला आम्ही घाबरायचो. कॉपीराइट कायद्यातली 2012 ची दुरुस्ती तुम्ही समजावलीत. चित्रपटगृहात सिनेमासोबत वाजण्यापलीकडच्या वापराच्या रॉयल्टीतला आपला वाटा वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीलाच देता येतो. निर्मात्याच्या नावे सोडून देता येत नाही, सही केली तरी. हे एका रेकॉर्डिस्टकडून कळावं, यात आमच्या धंद्याचं काय ते आलंच.

तुमचा क्यू शीटचा तक्ता आता नव्या मुलांना देतो आहोत. त्यात एक रकाना वाढवलाय: तुकडा नवा की बँकेतला, आणि बँकेतला असेल तर त्याचं मूळ नाव. काही चुकत असेल तर नेहमीसारखं ओरडून सांगा.

तुमचे,
मराठी मालिका-चित्रपटांचे काही संगीतकार, मुंबई