शाझलींना वगळून सुएझची लढाई सांगता येत नाही

महोदय,

१९७३च्या अरब-इस्रायल युद्धावरील रविवार पुरवणीतल्या लेखात इजिप्तचे तेव्हाचे चीफ ऑफ स्टाफ जनरल साद अल शाझली यांचा उल्लेख ‘नंतर लंडनमध्ये राजदूत झालेले अधिकारी’ एवढाच आहे. ते राजदूतपद म्हणजे सैन्यातून गोडीगुलाबीने केलेली हकालपट्टी होती. ती का झाली हे कळल्याशिवाय त्या युद्धाचा दुसरा आठवडा समजत नाही.

६ ऑक्टोबरला इजिप्तचे सैन्य सुएझ कालवा ओलांडून पूर्वेच्या इस्रायली काठावर उतरले. लेखात त्या यशाचे सगळे श्रेय गाफील शत्रूला दिले आहे. इस्रायल गाफील होता हे खरे, पण गाफीलपणामुळे वाळू हटत नाही. कालवा साधारण २०० मीटर रुंद, आणि पलीकडच्या काठावर काही ठिकाणी २० मीटरपर्यंत उंच वाळूचा बांध. रणगाडे न्यायचे तर प्रत्येक वाटेसाठी सुमारे १,५०० घनमीटर वाळू काढावी लागणार, आणि अशा वाटा हव्यात ६०. सुरुंग आणि बुलडोझरने एका वाटेला पाच-सहा तास लागत. तेवढ्या वेळात इस्रायली राखीव रणगाडे काठावर पोहोचले असते. तोड काढली ती ‘बाकी झाकी युसुफ’ नावाच्या इजिप्शियन इंजिनिअर अधिकाऱ्याने. अस्वान धरणाच्या कामावर पाण्याच्या झोताने वाळू हलवलेली त्याने पाहिली होती. कालव्यातलेच पाणी पंपाने उपसून बांधावर मारायचे. वाळू आपोआप घसरून कालव्यात येते. आधी ३०० ब्रिटिश पंप घेतले, मग जास्त ताकदीचे १५० जर्मन. वेळ दोन-तीन तासांवर आला.

ही हिकमत सगळीकडे सारखी चालली नाही, हेही सांगायला हवे. कालव्यावर इजिप्तची दोन सैन्ये होती, उत्तरेला दुसरे आणि दक्षिणेला तिसरे. तिसऱ्या सैन्याच्या भागात बांधाच्या मातीचा पाण्याने चिखल झाला. वाटा रखडल्या आणि रणगाडे उशिरा पोहोचले. तरी पायदळ तग धरून राहिले, कारण शाझलींनी आखणीच तशी केली होती: रणगाड्यांची मदत येईपर्यंत १२ ते २४ तास पायदळाने एकट्याने रणगाड्यांशी लढायचे. म्हणून पहिल्या लाटांच्या हाती रणगाडे फोडणारी आरपीजी रॉकेटे आणि सॅगर क्षेपणास्त्रे, बांध चढायला दोराच्या शिड्या, दारूगोळा ओढायला हातगाड्या. सुमारे ७२० होड्यांनी बारा लाटांत, अंधार पडेपर्यंत, तीसएक हजार माणसे पलीकडे उतरवली. कुठल्या होडीत कोण, काय घेऊन बसणार, इथपर्यंत लेखी हुकूम होता.

त्यांच्या योजनेला मर्यादाही आखलेली होती. हवाई दल दुबळे आहे हे ते उघड सांगत. पश्चिम काठावरच्या विमानवेधी क्षेपणास्त्रांची छत्री कालव्याच्या पूर्वेला १०-१२ किलोमीटरच पुरत होती, म्हणून तिथेच थांबायचे. त्याच वेळी इस्रायलशी लढणाऱ्या सीरियावरचा दाब कमी व्हावा म्हणून इजिप्तचे अध्यक्ष सादात यांनी आणखी पूर्वेला, सिनाईतल्या खिंडींकडे कूच करण्याचा आदेश दिला. शाझलींनी विरोध केला, दोन्ही सैन्यांच्या सेनापतींनीही केला. १४ ऑक्टोबरला हल्ला झाला आणि एका दिवसात सुमारे २५० रणगाडे गेले. शिवाय या हल्ल्यासाठी पश्चिमेचे राखीव चिलखती दल पूर्वेला नेलेले. १५-१६च्या रात्री कालव्याकाठच्या देव्हरस्वारजवळ (Deversoir), दोन सैन्यांच्या सांध्यावर, इस्रायली फौज कालवा ओलांडून आली तेव्हा तिला अडवायला मागे फारसे कोणी नव्हते. पूर्वेकडून चार चिलखती ब्रिगेड माघारी पश्चिमेला आणा, असे शाझलींनी सुचवले. सादात यांनी नकार दिला, आणि पुढे तिसरे सैन्य वेढ्यात सापडले.

सादात यांनी आत्मचरित्रात शाझली त्या वेळी खचून गेले होते असे लिहिले. युद्धात लष्करी कारवायांचे प्रमुख असलेले जनरल गमासी यांचे या माघारीबाबत शाझलींशी पटत नव्हते, तरी शाझली खचलेले नव्हते असे गमासींनीच नोंदवून ठेवले. विरोधकाची ही साक्ष मला जास्त वजनदार वाटते.

डिसेंबर १९७३मध्ये पद गेले. आधी लंडन, मग लिस्बन. १९७८मध्ये राजदूतपदावर असतानाच त्यांनी सादात यांच्या धोरणावर जाहीर टीका केली, नोकरी गमावली आणि अल्जीरियात आश्रय घेऊन विरोधी राजकारण सुरू केले. युद्धाच्या आठवणी छापल्या म्हणून १९८३मध्ये, सादात यांच्यानंतरचे अध्यक्ष मुबारक यांच्या काळात, लष्करी गुपिते फोडल्याबद्दल त्यांना गैरहजेरीत तीन वर्षांची शिक्षा झाली. १९९२मध्ये ते परतले ते थेट तुरुंगात. युद्धकक्षाच्या प्रसिद्ध छायाचित्रात फेरफार करून सादात यांच्या शेजारची त्यांची जागाही पुढे मुबारक यांना देण्यात आली!

शाझली १० फेब्रुवारी २०११ रोजी वारले. मुबारक दुसऱ्याच दिवशी पायउतार झाले. ऑक्टोबर २०१२मध्ये अध्यक्ष मोर्सी यांनी शाझलींना मरणोत्तर ‘ऑर्डर ऑफ द नाईल’ हा इजिप्तचा सर्वोच्च सन्मान दिला. लेखाच्या पुढच्या भागात १४ ऑक्टोबरचा आदेश कोणाचा आणि विरोध कोणाचा, एवढे तरी यावे.

– लष्करी इतिहासाचा एक वाचक, पुणे