व्हिडिओ अडखळला की ग्राफिक्स कार्डाला दोष कशाला?

मा. संपादक महोदय,
स.न.वि.वि.

कॉम्प्युटरवर व्हिडिओ अडकतो त्याबद्दल आपल्या तंत्रज्ञानाच्या पानावर जो सल्ला आलाय तो वाचला आणि राहवलं नाही म्हणून लिहितोय. नेटचा स्पीड वाढवा, कोडेक पॅक (व्हिडिओ उलगडणाऱ्या जादा फाइलींचा गठ्ठा) टाका, तरी नाही जमलं तर नवं ग्राफिक्स कार्ड घ्या, एवढंच त्यात आहे. अहो पण फाइल डाउनलोड करून ठेवलीये, डिस्कवरूनच चालतीये, आवाज एकदम स्वच्छ येतोय आणि चित्र तेवढं मधूनमधून गचके खातंय, तिथं नेटचा काय संबंध? आणि फुल एचडी डिकोड करायला, म्हणजे फाइलमधून चित्र उलगडायला, काही भारी कार्ड लागत नाही, कित्येक वर्षांपूर्वीची साधी कार्डंसुद्धा ते काम आरामात करतात. चोर सोडून संन्याशाला फाशी द्यायचा प्रकार आहे हा.

चोर बऱ्याचदा प्लेअरच्या, म्हणजे व्हिडिओ चालवणाऱ्या प्रोग्रामच्या, आतच बसलेला असतो. विंडोजवर एका प्रोग्रामला दुसऱ्या चालू प्रोग्रामच्या आत स्वतःचा कोड घुसवता येतो आणि हे फक्त हॅकर लोक करतात असं अजिबात नाही, गेम खेळताना कोपऱ्यात एफपीएसचा (सेकंदाला किती फ्रेम, म्हणजे चित्रं, दिसतात त्याचा) आकडा दाखवणारं सॉफ्टवेअर, चॅटचा ओव्हरले (स्क्रीनवर वरून तरंगणारा चौकोन), काही स्क्रीन रेकॉर्डर, काही अँटिव्हायरस, साउंड ड्रायव्हरसोबत न विचारता आलेलं एखादं 'आवाज सुधारणारं' अॅप, हे सगळे आपली डीएलएल फाइल (कोडचा तयार तुकडा) दुसऱ्याच्या प्रोसेसमध्ये, म्हणजे चालू प्रोग्राममध्ये, लोड करतात. ओव्हरले बनवलेला असतो गेमसाठी, पण व्हिडिओ प्लेअरसुद्धा चित्र दाखवायला तेच डायरेक्टएक्स (विंडोजची चित्रं दाखवायची यंत्रणा) वापरतो, मग त्याला गेम काय आणि प्लेअर काय, सारखेच.

आत शिरल्यावर काय करतात ते जरा जवळून बघा. फ्रेम तयार झाली की ती स्क्रीनवर पाठवायला प्लेअर डायरेक्टएक्सचं 'प्रेझेंट' नावाचं फंक्शन बोलावतो. हूक, म्हणजे मधेच अडवणारा गळ, टाकणारा बऱ्याचदा याच फंक्शनच्या सुरुवातीचे साधारण 5 बाइट उचलून बाजूला ठेवतो आणि तिथं 'आधी माझ्याकडे ये' अशी उडीची सूचना लिहितो. मग प्रत्येक फ्रेम आधी त्याच्याकडे जाणार, तो आपला आकडा नाहीतर चौकोन रंगवणार आणि मग बाजूला ठेवलेले बाइट चालवून मूळ फंक्शनकडे परत पाठवणार. युक्ती म्हणून झकास आहे, नाही म्हणत नाही. मायक्रोसॉफ्टच्याच संशोधन विभागानं 'डीटूर्स' नावाची लायब्ररी याच कामासाठी बनवली, तिच्यावरचा पेपर 1999 चा आहे.

पण व्हिडिओचं गणित फार घट्ट असतं. स्क्रीन 60 हर्ट्झची असेल, म्हणजे सेकंदाला 60 वेळा रिफ्रेश (ताजी) होत असेल, तर दर 16.7 मिलिसेकंदांनी चित्र बदलायची संधी येते. सिनेमा असतो सेकंदाला 24 फ्रेमचा, म्हणजे एक फ्रेम 3 रिफ्रेश आणि पुढची 2 रिफ्रेश अशी आलटून पालटून दाखवावी लागते. आता हूकवाल्याचा कोड कशाची तरी वाट बघत जरा जास्त रेंगाळला की ती फ्रेम थेट पुढच्या रिफ्रेशवर ढकलली जाते, कॅमेरा आडवा सरकत असेल तेव्हा हे लगेच डोळ्याला खुपतं. बहुतेक प्लेअर आवाजाला घड्याळ मानून चालतात, त्यामुळे आवाज तुटत नाही, चित्राच्या फ्रेम टाकल्या जातात. आणि टास्क मॅनेजर उघडून बघावं तर सीपीयू निवांत, कारण नुसतं थांबून राहणं तिथं काम म्हणून दिसतच नाही! मग माणूस म्हणणार, कार्डच जुनं झालंय.

त्याहून वाईट म्हणजे एकाच फंक्शनवर दोघांनी हूक टाकणं. दुसरा पहिल्याच्या वर बसतो, मग पहिला अॅप बंद होताना जुने बाइट परत लिहून जातो किंवा त्याची डीएलएल मेमरीतून निघून जाते आणि दुसरा अजून तिथंच उडी मारतोय. प्लेअर धाडकन बंद. एररच्या खिडकीत नाव कुणाचं येतं? प्लेअरचं. फुकटात, हौसेनं प्लेअर बनवणाऱ्या लोकांना शिव्या मिळतात आणि करणारा नामानिराळा राहतो, याचा मला खरंच राग येतो.

ब्राउझरचंही तेच आहे. गुगलनं 2017 मध्ये सांगितलं होतं की विंडोजवर क्रोममध्ये ज्यांच्याकडे बाहेरचा कोड घुसतो त्यांचा क्रोम क्रॅश व्हायची शक्यता 15 टक्क्यांनी जास्त असते, मग त्यांनी असा कोड अडवायला सुरुवात केली. क्रोममध्ये ग्राफिक्सचं काम वेगळ्या प्रोसेसमध्ये चालतं, ती पडली की व्हिडिओ क्षणभर काळा होतो आणि परत येतो, पण पुन्हा पुन्हा पडायला लागली की ब्राउझर कार्डाचा नादच सोडतो आणि सगळा भार सीपीयूवर येतो, पंखा भणभणायला लागतो. फायरफॉक्सनं फेब्रुवारी 2023 मध्ये आलेल्या 110 व्या आवृत्तीपासून आत शिरलेल्या बाहेरच्या फाइलींची यादी दाखवून त्या अडवायची सोय दिलीये, हे मला जास्त पटतं, कारण इथं ठरवणारा मी असतो.

सरसकट सगळं बंद करा असंही माझं म्हणणं नाही. अंध लोक वापरतात तो एनव्हीडीए हा स्क्रीन रीडर ब्राउझरच्या आत कोड टाकूनच पानावरचा मजकूर वाचून दाखवतो, तो अडवला तर त्यांचा कॉम्प्युटरच बंद पडल्यासारखा. त्यामुळे हूक असावा की नसावा हा वाद नको, विचारून शिरलाय का आणि दिसतोय का, एवढंच बघा. न विचारता शिरल्यावर काय होतं ते 2005 मध्ये सगळ्यांनी बघितलंय, सोनी बीएमजीच्या गाण्यांच्या सीडीतून कॉपी रोखायच्या नावाखाली रूटकिट (सिस्टीममध्ये लपून बसणारं सॉफ्टवेअर) आलं, त्यानं विंडोजमध्ये हूक टाकून एका ठरावीक नावानं सुरू होणाऱ्या फाइली लपवल्या आणि मग व्हायरसवाल्यांनी तेच नाव वापरून स्वतःच्या फाइली लपवल्या. कंपनीला सीडी परत मागवाव्या लागल्या.

तो प्रकार उघडकीला आणला विंडोजचे जाणकार मार्क रुसिनोविच यांनी आणि त्यांचंच 'प्रोसेस एक्सप्लोरर' हे टूल आज मायक्रोसॉफ्टच्या साइटवर फुकट मिळतं. आपल्या पानावर सांगायचं तर हे सांगा ना! व्हिडिओ चालू ठेवायचा, टूलमध्ये प्लेअरवर क्लिक करायचं, व्ह्यू मेन्यूतून खालची पट्टी उघडून डीएलएलची यादी लावायची आणि कंपनीच्या नावाचा कॉलम बघायचा. प्लेअरचं, मायक्रोसॉफ्टचं आणि ग्राफिक्स ड्रायव्हरचं नाव सोडून जे उरेल त्याच्यावर संशय. मग त्या अॅपच्या सेटिंगमध्ये जाऊन ओव्हरले बंद करायचा, प्लेअर बंद करून परत चालू करायचा आणि तोच सीन परत बघायचा. एका वेळी एकच अॅप, नाहीतर कोण होता ते कळणारच नाही. सगळंच गुंतागुंतीचं वाटत असेल तर 'एमएसकॉन्फिग' या विंडोजच्याच टूलमध्ये मायक्रोसॉफ्टच्या सर्व्हिसेस (मागे चालणारे प्रोग्राम) यादीतून लपवून बाकीच्या बंद करायच्या आणि रीस्टार्ट करून बघायचं, पैसा लागत नाही.

आणि तो कोडेक पॅकचा सल्ला तेवढा कृपया मागे घ्या. व्हीएलसी, एमपीव्ही असले प्लेअर आपले डिकोडर सोबतच घेऊन येतात, त्यांना त्या पॅकची गरज नाही, उलट त्यातले फिल्टर (व्हिडिओ-आवाज उलगडणारे भाग) सगळ्या सिस्टीमला लागतात आणि डायरेक्टशो (विंडोजची व्हिडिओ चालवायची जुनी यंत्रणा) वापरणाऱ्या दुसऱ्या कुठल्याही प्लेअरच्या प्रोसेसमध्ये जाऊन बसू शकतात, म्हणजे आधीच गर्दी त्यात आणखी चार पाहुणे.

आपला,
एक नियमित वाचक