चिऊ हरवली नव्हती

लालबाग, मुंबई
रविवार, रात्री

प्रिय नलू,

परवा फोनवर तू विचारलंस, "मामांच्या कोर्टाचं काय झालं गं?" आणि मी विषय बदलला. आई शेजारीच बसली होती.

याचिका निकाली निघाली. चिऊ घरी आलेली नाही.

वकिलांनी सांगितलं होतं, हेबियस कॉर्पस टाकू, मुलगी कोर्टापुढे उभी राहील. मामांनी ऐकलं ते असं, की मुलगी घरी येईल. बंदी प्रत्यक्षीकरण! शाळेत नागरिकशास्त्राला आपण पाठ केलेलं. एखाद्याला डांबून ठेवलं असेल, तर त्याला न्यायाधीशांपुढे हजर करायचं आणि कोणत्या अधिकाराने डांबलं ते सांगायचं. सरकारने उचलून नेलेल्या माणसाचं हे शेवटचं हत्यार. आणीबाणीत, १९७६ साली, सर्वोच्च न्यायालयाने तेही काढून घेतलं; पाच न्यायमूर्तींत एकटे एच. आर. खन्ना विरोधात गेले. आणि आमचे मामा ते घेऊन निघाले कशाला, तर तेवीस वर्षांच्या लेकीला परत आणायला.

आता तुला म्हणून सांगते. वकिलांसाठी हकिगत मामांना मीच लिहून दिली. 'फूस लावून पळवून नेले' हे शब्द माझे. पोलीस ठाण्यात 'मिसिंग' नोंदवायलाही मीच सोबत होते. आणि चिऊ कुठे आहे हे मला तिसऱ्या दिवसापासून माहीत होतं. तिचा मेसेज आला होता: "ताई, मी मैत्रिणीकडे आहे, ठीक आहे. आईला म्हणावं, गोळ्या वेळेवर घे." मी मामीला गोळ्यांचं तेवढं सांगितलं.

तारखेला मामा प्लास्टिकच्या पिशवीत चिऊचा शाळा सोडल्याचा दाखला घेऊन आले. बापपण सिद्ध करायला आणला असावा. दाखल्यावर जन्मतारीख, म्हणजे आपल्याच विरुद्धचा पुरावा ते छातीशी धरून बसले होते. ओव्हल मैदानासमोरच्या त्या दगडी इमारतीत बाकं फार कमी आहेत गं. मी दोन तास उभी.

महिला पोलीस चिऊला घेऊन आली. न्यायमूर्ती दोघं. त्यांनी तिला चेंबरमध्ये नेलं. मामा नाहीत, ती ज्याच्याशी लग्न करणार तो मुलगा नाही, वकीलही नाहीत. दहा मिनिटांत सगळे बाहेर. मुलगी सज्ञान आहे, स्वतःच्या मर्जीने राहते, तिला हवं तिथे जायला ती मोकळी आहे. संपलं.

वकिलांच्या ज्युनिअर मुलीने मला जिन्यात समजावलं. केरळमध्ये असाच बापाचा अर्ज होता. तिथल्या उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये लेकीचं लग्नच रद्द केलं आणि तिला आईबापांच्या ताब्यात दिलं. काही महिने ती घरातच. ८ मार्च २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला: या अर्जावर लग्न रद्द करता येत नाही, आणि जोडीदार निवडणं त्या बाईचं स्वतःचं. म्हणजे खरी डांबलेली ती बापाच्याच घरात होती, हे माझ्या तोंडावर आलं होतं. मामा ऐकत होते, म्हणून गिळलं.

चिऊ मामांच्या पाया पडली. त्यांनी पाय मागे घेतला नाही, एवढंच. सीएसएमटीवरून गाडीत कुणी बोललं नाही. करी रोडला उतरल्यावर मामा म्हणाले, "तुला ठाऊक होतं." मी हो म्हटलं. जरा चालून गेल्यावर त्यांनी विचारलं, "गोळ्यांचं तिनंच सांगितलं होतं?"

मुलगा दुसऱ्या धर्माचा, त्यामुळे त्यांना १९५४ च्या विशेष विवाह कायद्याखाली नोटीस द्यायची आहे. मग तीस दिवस थांबायचं. त्या काळात कुणालाही हरकत घेता येते, पण वय, आधीचं लग्न, जवळचं नातं, मानसिक स्थिती असल्याच कारणांवर. 'आम्हाला पसंत नाही' हे कारण यादीत नाही. मामांनी मला दोनदा विचारून घेतलं.

वयाच्या पुराव्यासाठी चिऊ तोच दाखला मागतेय. तो परत मामांच्या कपाटात गेलाय आणि आणायला मलाच जायचंय. शनिवारी येतेस का? तू सोबत असलीस की मामी निदान चहा तरी टाकेल.

तुझी,
मालू