‘संगीत मनू’साठी आवाहन : ५ नोव्हेंबरला पडदा उघडायलाच हवा

सप्रेम नमस्कार.

गणपती बसायच्या आत हे पत्र प्रत्येक सभासदाच्या घरी पोचावे म्हणून तालमीच्या खोलीतच, पेटीच्या झाकणावर कागद ठेवून लिहिते आहे. शेजारी दुसऱ्या अंकातले पद बसते आहे, त्यामुळे काही राहून गेले तर सांभाळून घ्यावे.

आपले मंडळ यंदा लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’ या आत्मचरित्रावर आधारलेले नवे संगीत नाटक करीत आहे. तीन अंक, एकवीस पदे. संहिता आणि चाली दोन्ही आपल्याच माणसांच्या. नाव ‘संगीत मनू’, कारण गोदाकाठच्या जलालपूरला गोखल्यांच्या घरात जन्मलेल्या त्या मुलीला घरी मनूच म्हणत. वडिलांच्या सोवळ्याओवळ्याच्या कहरात वाढलेली ही मुलगी अकराव्या वर्षी कवी नारायण वामन टिळकांची बायको झाली. त्याच सुमारास, १८८० साली, पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘शाकुंतल’चा पहिला प्रयोग झाला. संगीत नाटक आणि मनूचा संसार असे बरोबरीनेच सुरू झाले, हे आमच्या पेटीमास्तरांनी दाखवले तेव्हा सगळ्यांच्या अंगावर काटा आला होता.

हे पुस्तक गायचे कसे, असे काही जणांनी विचारले. त्यांनी एकदा तालमीला यावे. जात्यावरच्या ओवीने नांदी उठते. १८९५ मध्ये टिळक ख्रिस्ती झाले, घर मोडले, आणि ती पंढरपुरात नातलगांच्या आश्रयाला राहिली. तिथल्या टाळ-मृदंगाच्या गजरात, लोकांच्या नजरा चुकवत बसलेली ही बाई आपले दुःख ओव्यांसारख्या ओळींत बांधू लागते, हा आमचा दुसरा अंक. तिथे तबला नाही, ऑर्गन नाही, नुसता गळा. तिसऱ्यात नगर, तिथला प्लेग, पदराखाली घेतलेली परकी पोरे, आणि मराठी चालीवरची भजने. चर्चमध्ये आपल्या मातीतले संगीत हवे असा टिळकांचा आग्रह होता आणि त्यांची पदे आजही मराठी ख्रिस्ती उपासनेत म्हटली जातात. शरणपूर भागातली सहा मंडळी दर रविवारी उपासना आटोपून थेट तालमीला येतात, ती याच भजनांसाठी. त्यांनी शिकवलेली एक चाल ऐकून आमचे सत्तरीतले तबलजी उठून उभे राहिले.

लग्नाआधी शाळेचे तोंड न पाहिलेल्या या बाईने उतारवयात आयुष्य लिहून काढले. १९३४ ते १९३६ या काळात ते चार भागांत आले. चौथा भाग छापून यायच्या आधी ती गेली. टिळकांच्या अपुऱ्या राहिलेल्या ‘ख्रिस्तायन’ या ख्रिस्तचरित्राच्या काव्याचे साठाहून अधिक अध्यायही तिनेच लिहिले. अशी बाई आपल्या गोदाकाठची, आणि तिचे नाटक नाशिककरांनी नाही करायचे तर कुणी?

मंडळाला हे झेपेल का, अशी शंका घेणाऱ्यांना जुने दिवस आठवत नसावेत. ‘सौभद्र’, ‘संशयकल्लोळ’, ‘मृच्छकटिक’ आपण केली. ‘शारदा’ केली तेव्हा तर विजयानंद थिएटरची, १९०९ ची (‘शारदा’च्याच प्रयोगाला अनंत कान्हेऱ्यांनी कलेक्टर जॅक्सनला गोळ्या घातल्या, ती) आठवण सांगणाऱ्या म्हाताऱ्यांनी पहिल्या दोन रांगा भरल्या होत्या. आजोबांकडून ऐकलेले सांगत होते, पण सांगताना आवाज कापत होता. त्या प्रयोगाला भांडीबाजारातल्या काकांनी पितळी समया, तांब्ये, घंगाळे आपल्या दुकानातून काढून दिले आणि भाडे विचारले तर रागावले. ते आता नाहीत. त्यांच्या सूनबाईंनी यंदा स्वतःहून निरोप धाडला की जाते आणि तांब्याचा बंब आमच्याकडून न्या. पंचवटीतल्या मामींनी वीस वर्षे प्रत्येक नाटकाची लुगडी इस्त्री करून दिली, कलावंतांना भाकरी-पिठले वाढले आणि श्रेयनामावलीत नाव घालू दिले नाही. सराफबाजारातल्या एका कुटुंबाने ऑर्गन घेऊन दिला, तो आजही आपलाच आहे. भाऊंनी (कोणते भाऊ ते सांगायला नको) निवृत्तीच्या पैशांतून पडदे शिवून दिले. ही माणसे होती म्हणून मंडळ उभे राहिले. त्यांची आठवण काढल्याशिवाय आमची एकही तालीम संपत नाही.

आणि म्हणूनच मागच्या वर्षीचे मनाला लागले, ते लिहिते. आम्ही दोनशे पत्रे वाटली, उत्तरे अकरा आली. एका मोठ्या पेढीने तीनदा बोलावून बाहेर बसवले आणि चौथ्यांदा शिपायाकरवी नकार कळवला. पैसे नाही मिळाले याचे दुःख नाही. पण नाट्यपदांच्या बैठकीला, विनामूल्य असूनही, खुर्च्या रिकाम्या राहिल्या आणि आमची सोळा वर्षांची मुलगी त्या रिकाम्या खुर्च्यांपुढे गायली. तीच मुलगी आता मनू करते आहे. तिने असे पुन्हा गाऊ नये.

आता हिशेब. एकूण खर्च ५ लाख ८० हजार : नेपथ्य १,६०,०००, वादकांचे मानधन व तालमी १,२०,०००, साईखेडकर नाट्यगृह (दोन रंगीत तालमी धरून), प्रकाश व ध्वनी १,१०,०००, वेशभूषा-रंगभूषा ९०,०००, छपाई, टेम्पो, चहा-फराळ ६५,०००, ऑर्गनची दुरुस्ती ३५,००० (भाता फाटला आहे, तीन सूर बोलतच नाहीत). जमले १,४५,०००. उरले ४,३५,०००, ते दसऱ्यापर्यंत हवेत, कारण नेपथ्यकार आणि नाट्यगृह आगाऊ रक्कम मागतात. लेखिकेच्या निधनाला साठ वर्षे केव्हाच होऊन गेल्याने पुस्तकाच्या हक्काचा खर्च नाही. संहिता प्रयोगाच्या परवानगीसाठी परिनिरीक्षण मंडळाकडे गेली आहे. पहिला प्रयोग ५ नोव्हेंबर, रंगभूमीदिनी, सायंकाळी ६.३० ला, नंतर संगीत राज्य नाट्य स्पर्धा. ५,००० व अधिक देणाऱ्यांना दोन प्रवेशिका, पण ५१ रुपयेही तितक्याच आनंदाने घेऊ व पावती देऊ. धनादेश मंडळाच्या नावे. खाते क्रमांक पावतीपुस्तकाच्या मागे आहे, स्कॅन करायचा कोड कार्यालयाच्या दारावर. आयकर सवलत (८०जी) मिळते, पॅन कळवावा. कार्यालय रोज संध्याकाळी ६ ते ८, सोमवारी बंद. येणे जमत नसेल तर निरोप द्या, आमची मुले घरी येतील.

आपली,
कार्यवाह

ता. क. : जुनी सुती नऊवारी लुगडी (जरीची नकोत), कंदील, दगडी पाटा-वरवंटा आणि पायघोळ पांढरा झगा शिवायला वीस मीटर मांजरपाट अजून हवे आहे. माळ्यावर काही असेल तर गणपतीची आरास काढताना एकदा नजर टाका आणि बाजूला काढून ठेवा. विसर्जनानंतरच्या रविवारी टेम्पो फिरणार आहे.