त्या हॅम्लेटचं नाव तेवढं छापा

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला हॅम्लेटवरचा लेख वाचला. चांगला होता, ऑलिव्हिए आहे, आपले गणपतराव जोशी आहेत, आगरकरांचं 'विकारविलसित' पण आलंय. फक्त एका ठिकाणी 'रशियन फिल्ममधला तो नट' एवढंच लिहून लेखक पुढे सरकलेत. अहो, त्या नटाला नाव आहे. इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की. उच्चारायला अवघड आहे मान्य, पण श्वार्झनेगर छापतोच की आपण.

गंमत म्हणजे हे आडनाव त्याचं जन्माचं नाहीच. १९२५ साली सायबेरियातल्या एका खेड्यात जन्मला तेव्हा तो स्मोक्तुनोविच होता. घरी खायची मारामार, म्हणून क्रास्नोयार्स्कला नातेवाइकांकडे वाढला. मग युद्ध. कुर्स्कला लढला, नीपर नदीवर लढला, १९४३ च्या डिसेंबरात जर्मनांच्या हाती सापडला, महिनाभरात पळाला, एका युक्रेनियन कुटुंबाने जिवावर उदार होऊन त्याला लपवलं, मग पार्टिझन म्हणजे जर्मनांविरुद्ध गनिमी लढणाऱ्या लोकांत गेला आणि पुन्हा सैन्यात. एवढं करून घरी आल्यावर काय, तर स्टालिनच्या राज्यात शत्रूच्या कैदेत राहून आलेला माणूस म्हणजे संशयितच. तेव्हा हा पठ्ठ्या आपणहून नॉरिल्स्कला गेला. आर्क्टिक वर्तुळाच्याही वर, कैद्यांच्या छावण्यांवर उभं राहिलेलं शहर. तिथून पुढे पाठवायला जागाच नाही ना! तिथल्या थिएटरात चार-पाच वर्षं कामं केली आणि स्मोक्तुनोविचचा स्मोक्तुनोव्स्की झाला तोही तिथेच. नंतर माखाच्काला, स्टालिनग्राड अशी गावोगावची थिएटरं, आणि १९५५ ला मॉस्कोत आला तर तिथे कोणी धड दारात उभं करेना.

मी स्वतः तीस वर्षं राज्य नाट्य स्पर्धेत धडपडलेला माणूस आहे (बक्षीस एकदाच, तेही प्रकाशयोजनेचं), त्यामुळे खरं तर मला हॅम्लेटपेक्षा त्याच्या मिश्किनचंच जास्त अप्रूप. मिश्किन म्हणजे दस्तयेव्हस्कीच्या 'इडियट' कादंबरीचा नायक. लेनिनग्राडच्या बोल्शॉय ड्रामा थिएटरात दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव तिचं नाटक बसवत होते, आणि एका युद्धपटातल्या छोट्या रोलमध्ये ह्याचे डोळे पाहून त्यांनी ह्याला बोलावलं. रिहर्सलला मात्र काही केल्या जमेना. मग एक दिवस फिल्म स्टुडिओच्या गर्दीत त्याला एक माणूस दिसला, आजूबाजूला सगळी धावपळ आणि हा शांत उभा राहून पुस्तक वाचतोय. चौकशी केल्यावर कळलं की अनेक वर्षं लेबर कॅम्पात काढून आलेला होता. त्या माणसात आपल्याला मिश्किन सापडला, असं स्मोक्तुनोव्स्की स्वतः सांगायचा. १९५७ च्या शेवटच्या दिवशी प्रयोग झाला आणि बत्तिसाव्या वर्षी हा 'नवा' नट सगळ्या देशाला माहीत झाला.

दिग्दर्शक कोझिन्त्सेवचा हॅम्लेट, म्हणजे तुमच्या लेखातली ती रशियन फिल्म, आला १९६४ ला. भाषांतर पास्तरनाकचं, संगीत शोस्ताकोविचचं. मी तो पुण्याला एका फिल्म सोसायटीच्या पडद्यावर पाहिला, प्रिंटवर पाऊस पडत होता. 'टू बी ऑर नॉट टू बी' तो तोंडाने म्हणतच नाही. समुद्राकाठच्या खडकांतून चालत राहतो आणि आवाज आतून येतो. आणि बासरीचा प्रसंग, तुम्हाला ही साधी बासरी वाजवता येत नाही आणि मला वाजवायला निघालात, ह्या वाक्यांवर आपल्याकडचा कुठलाही नट टाळी घेईल (मी पण घेतली असती). हा आवाज चढवत नाही, तरी समोरच्याचा घाम निघतो. ज्याने खरोखर पहारेकरी आणि चौकशीवाले बघितलेत त्याला ओरडायची गरज वाटत नसावी, हा आपला माझा अंदाज. ह्या कामाला १९६५ चं लेनिन पारितोषिक मिळालं.

पण लेखकांनी पुढच्याच वर्षीची, १९६६ ची, रियाझानोवची 'गाडी सांभाळा' नक्की बघावी. त्यात हा देतोच्किन नावाचा विमा एजंट आहे. लाचखोरांच्या मोटारी चोरतो, विकतो आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवतो. आणि संध्याकाळी? हौशी नाटकमंडळी! नाटक कुठलं तर हॅम्लेट, आणि हॅम्लेट हाच!! त्याच्या मागावर असलेला तपास अधिकारी लेअर्टिस करतो. बँकेतून सुटून तालमीला पळणाऱ्या आपल्या लोकांना ही फिल्म दाखवा, हसून लोळतील. आपल्याच गाजलेल्या भूमिकेची एवढ्या प्रेमाने टिंगल करणारा दुसरा नट मला तरी माहीत नाही.

पुढचं थोडक्यात, चायकोव्हस्की झाला, अंकल वान्या झाला, माली थिएटरात झार फ्योदोर, मॉस्को आर्ट थिएटरात चेखॉवचा इवानोव. १९९४ च्या ऑगस्टमध्ये गेला. २८ मार्च २०२५ ला शंभरी झाली त्याची, आपल्याकडे एक ओळ कुठे दिसली नाही मला.

तर येत्या रविवारी चौकटीत दुरुस्ती छापाल का? स्मो-क्तु-नो-व्स्की. 'क्त' जोडाक्षर आहे, प्रूफवाल्यांना सांगून ठेवा.

आपला,
एक हौशी नाटकवाला, सांगली