बाळाच्या नावाचा अर्थ कोशात पाहावा

महोदय,

बारशाच्या आधी मोबाइलवर फिरणाऱ्या नावांच्या याद्यांत ‘रियांश’चा अर्थ कुठे सूर्याचा पहिला किरण, तर कुठे विष्णूचा अंश असा बेधडक दिलेला असतो आणि तो संस्कृत असल्याचेही छातीठोकपणे सांगितले जाते. त्यातला ‘अंश’ तेवढा संस्कृत आहे. पण किरणाला संस्कृतात ‘अंशु’ म्हणतात, आणि ‘रिया’चा सूर्याशी किंवा विष्णूशी संबंध दाखवणारा आधार वामन शिवराम आपटे यांच्या संस्कृत कोशात मिळत नाही. हा कोश शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर विनामूल्य पाहता येतो. केवळ कानाला गोड लागले म्हणून नाव ठेवायला कोणाची हरकत नसावी. हरकत आहे ती रचलेल्या व्युत्पत्तीला.

घाईचेही कारण नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असली, तरी ती नावाशिवाय होते आणि १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क नाव घालता येते. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांच्या शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत हाच दाखला लागणार असल्याने अर्थ आणि शुद्धलेखन दोन्ही आधीच तपासलेले बरे. वृत्तपत्रांनीही पुरवण्यांत नावांच्या याद्या छापताना प्रत्येक अर्थापुढे कोशाचा आधार द्यावा, ही विनंती.

— एक निवृत्त संस्कृत शिक्षिका, सांगली