नव्या घरात वडीलधाऱ्यांनाही दार हवे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

डोंबिवली, ठाणे, मुलुंड, पुणे अशा ठिकाणी चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीच्या इमारतींचा पुनर्विकास सध्या जोरात सुरू आहे. डोंबिवलीतील आमच्या गृहनिर्माण संस्थेतही वर्षभर तीच चर्चा आहे. वाढीव चटई क्षेत्र किती, कॉर्पस म्हणजे बिल्डरकडून मिळणारी ठोक रक्कम किती, बांधकाम होईपर्यंत भाडे किती, गाड्या कुठे लावायच्या, यांवर विशेष सर्वसाधारण सभा रात्री अकरापर्यंत रंगतात. नव्या घरात म्हातारी माणसे कुठे झोपणार, हा प्रश्न मात्र एकाही सभेत निघालेला नाही, म्हणून हे पत्र.

आमच्या साडेपाचशे चौरस फुटांच्या घरात आम्ही पाच जण राहतो. एक खोली आम्हा नवरा-बायकोची, दुसरी कॉलेजात जाणाऱ्या मुलीची. ८१ वर्षांच्या सासूबाईंचा दिवाण हॉलमध्ये आहे आणि त्याच्या शेजारी जमिनीवर मुलाची गादी पडते. आमच्या मजल्यावरच्या चार घरांपैकी तीन घरांत आजी किंवा आजोबा असेच हॉलमध्ये झोपतात. त्यांचा मान राखला जातो, जेवण वेळेवर मिळते, औषधे चुकत नाहीत. त्यांना नाही ते फक्त दार.

दार नसल्याने काय होते, ते येणाऱ्या-जाणाऱ्याला कळत नाही. सासूबाईंना साडेआठलाच झोप येते, पण मुलाचे परदेशातल्या लोकांशी कामाचे बोलणे साडेअकराला आटोपते. तोवर त्या भिंतीकडे तोंड करून नुसत्या पडून असतात. पहाटे साडेचारला जाग आली, तरी नातवाची झोप मोडू नये म्हणून दिवा न लावता अंधारातच जप करतात. दुपारी कुणी आले, की चादरीची घडी घालून, उशी दिवाणाखाली सरकवून उठून बसतात. गेल्या वर्षी त्यांची धाकटी बहीण चिपळूणहून आली होती. दोघींना काही मनातले बोलायचे असावे. स्वयंपाकघरामागे कपडे वाळत घालायची अरुंद गॅलरी आहे, तिथे ओल्या कपड्यांच्या आडोशाला त्या दोघी पाऊण तास उभ्या राहून हलक्या आवाजात बोलत होत्या. मी पोळ्या करत होते. त्यांचे बोलणे माझ्या कानावर पडू नये म्हणून मी एक्झॉस्टचा पंखा लावला. त्यांच्यासाठी तेवढेच मला करता येण्यासारखे होते.

पुढे मे महिन्यात त्यांच्या खुब्याचे हाड मोडले आणि शस्त्रक्रियेनंतर त्या अंथरुणाला खिळल्या. खिडकीच्या गजापासून पडद्याच्या दांडीपर्यंत दोरी बांधायची, तिच्यावर चादर टाकायची आणि त्या आडोशाला त्यांचे अंग पुसायचे, भांडे द्यायचे, असे आम्ही सहा आठवडे काढले. पलीकडे दाराची बेल वाजली, की त्या माझा हात घट्ट धरत. मुलीने आपण होऊन तिची खोली देऊ केली होती आणि सासूबाई चार दिवस तिथे राहिल्याही, पण त्या दारातून चाकाची खुर्ची आत वळेना. शिवाय, ‘पोरीचं वय आहे, तिला दार हवं,’ असे म्हणून त्यांनीच पुन्हा हॉल मागून घेतला.

त्यांच्या माहेरी, गुहागरकडच्या घरात ओटी, पडवी, माजघर होते आणि वडीलधाऱ्यांची जागा ठरलेली होती. ते सगळे चांगलेच होते, असे मी म्हणणार नाही. त्याच घरात त्यांच्या विधवा आत्याने सारे आयुष्य धान्याच्या काळोख्या खोलीत काढले. मला जुने घर नको आहे, आता बांधले जाणारे घर नीट हवे आहे.

वाढीव जागा मिळाली, की नकाशात हॉल मोठा होतो आणि मुख्य बेडरूम ऐसपैस होते. त्याऐवजी त्यातून एक लहान तिसरी खोली का काढू नये? राष्ट्रीय इमारत संहितेप्रमाणे घरातील दुसऱ्या राहत्या खोलीला किमान साडेसात चौरस मीटर, म्हणजे सुमारे ८० चौरस फूट, एवढी जागा पुरते. तेवढ्यात एक पलंग, एक कपाट आणि एक खुर्ची मावते. ती खोली संडास-बाथरूमच्या लगत असावी, दोन्हींची दारे तीन फुटांची असावीत, उंबरा नसावा आणि भिंतीला धरायला दांडी असावी. इमारत उभी राहिल्यावर हे करता येत नाही. नकाशा कागदावर असतानाच करावे लागते.

४ जुलै २०१९ च्या शासन निर्णयानुसार पुनर्विकासाला ५१ टक्के सभासदांची संमती लागते. परंतु मत सभासदाचे असते. घर मुलाच्या नावावर झाले, की आई सभासद राहत नाही, आणि ज्या माणसाला या खोलीची सर्वांत अधिक गरज आहे, त्याच माणसाला सभेत हात वर करता येत नाही. म्हणून हे आम्ही मधल्या पिढीने मांडले पाहिजे, विशेषतः सुनांनी, कारण दोरीवरची ती चादर बहुतेक घरांत आम्हीच बांधतो.

आमच्या वास्तुविशारदांनी घरोघरी दिलेल्या माहितीच्या अर्जात दुचाकी किती, चारचाकी किती, असे दोन रकाने आहेत. घरात सत्तरीपुढची माणसे किती आणि ती कुठे झोपतात, हा तिसरा रकाना त्यात घालावा, अशी लेखी मागणी मी समितीकडे केली आहे. ज्या वाचकांच्या इमारतींचा पुनर्विकास झाला आहे आणि ज्यांनी घरातल्या वृद्धांसाठी अशी जागा करून घेतली आहे, त्यांनी ती कशी केली, हे कृपया या सदरातून लिहावे. आमचे नकाशे अजून मंजुरीला गेलेले नाहीत.

– एक वाचक, डोंबिवली (पूर्व)